पेढ्याचे नाक

2024 साली तुळशीचे लग्न आटोपले आणि तिसऱ्याच दिवशी आमच्या घरी स्थळ आले. मुलगा उपवर होता. वय वर्षे पाच, वर्ण गव्हाळ, अंगाने भरलेला, स्वभावाने गरीब, खाण्यापिण्यात चोखंदळ नाही. उणीव काढायचीच तर एवढीच, की नाक चपटे आणि झोपेत घोरण्याची सवय. पण मुलाच्या बाबतीत या दोन गोष्टी कोण मनावर घेतो? मुलगा म्हणजे आमचा पेढा. पग जातीचा कुत्रा. आणि स्थळ घेऊन आलेले गृहस्थ तुमसरकडचे, राइस मिलवाले, माझ्या बँकेतल्या दिवसांपासूनचे खातेदार.

"साहेब, आमची लाडी दीड वर्षाची झाली ना जी," त्यांनी चहाची बशी खाली ठेवत विषय काढला. "तुमचा पेढा तिले शोभते. पिल्लं झाली की पहिलं पिल्लू तुमच्या पसंतीचं. नाही तर नगदी घ्या."

पाळीव कुत्र्यांच्या व्यवहारात हा रिवाजच आहे. नराच्या मालकाला एक तर रोख रक्कम, नाही तर पहिल्या पसंतीचे पिल्लू. दिवाळीच्या सुट्टीत आलेला माझा नातू दाराआडून ऐकत होता. त्याने तेवढ्यात पिल्लाचे नावही ठरवून टाकले. मी मात्र हो म्हटले नाही आणि नाहीही म्हटले नाही. 34 वर्षे बँकेत काढलेल्या माणसाला असल्या प्रसंगी एक वाक्य आपोआप सुचते. मी म्हटले, "प्रस्ताव विचाराधीन ठेवतो."

ते हसले. पण मी खरोखरच विचाराधीन ठेवला होता, आणि तो विचार पुढे महिनाभर माझा पिच्छा सोडीना.

पेढा आमच्याकडे आला तो काही आम्ही हौसेने आणला म्हणून नव्हे. मुलाने पुण्यात असताना 2019 साली तो विकत घेतला. कुठून, किती रुपयांना, हे मी तेव्हा विचारले नाही आणि त्याने सांगितले नाही. पुढे कळले की मोबाइलवर फोटो पाहून सौदा ठरला होता आणि 'कागदपत्रांचे' वेगळे पैसे मोजले होते. ते कागद अखेरपर्यंत आले नाहीत ते नाहीतच. 2022 साली मुलाला जर्मनीत नोकरी लागली. कुत्रा बरोबर न्यायचा त्याचा विचार होता. तेव्हा त्याला समजले, की बऱ्याच विमान कंपन्या चपट्या नाकाची कुत्री सामानाच्या कक्षातून न्यायला नकार देतात. प्रवासात ती गुदमरतात, दगावतात, असा त्यांचा अनुभव. खरे म्हणजे आमच्या कानावर पडलेली ती पहिली सूचना. पण आम्ही ती विमान कंपनीचा आडमुठेपणा म्हणून सोडून दिली आणि त्या वर्षीच्या दिवाळीत पेढा रेल्वेने भंडाऱ्याला आला.

हिवाळा मजेत गेला. सकाळी खांब तलावापर्यंत फेरी, दुपारी उन्हात लोळण, रात्री माझ्या खुर्चीखाली मुक्काम. त्याचे घोरणे इतके खणखणीत, की पाहुणे चकित होऊन इकडे-तिकडे बघत. आम्ही त्यावर विनोद करीत असू. सौ. म्हणायची, बँकेत तुम्ही टेबलावर डोके टेकून घोरत असाल तसेच. आमच्याकडे भांडी घासायला येणारी बाई लाखांदूरकडची. तिने पहिल्याच दिवशी पेढ्याला निरखून पाहिले आणि विचारले, "ह्याचा नाक कोनं दाबलन जी?" आम्ही सगळे पोट धरून हसलो. त्या घरात त्या दिवशी नेमका प्रश्न विचारणारी ती एकटीच होती, हे समजायला पुढचा उन्हाळा उजाडावा लागला.

विदर्भाच्या वाचकाला नवतपा म्हणजे काय हे सांगायला नको. इतरांसाठी सांगतो. सूर्य रोहिणी नक्षत्रात शिरला की मेअखेरचे जे नऊ दिवस येतात, त्यांत आमच्याकडे माणसे दुपारी रस्त्यावर दिसत नाहीत. 2023 च्या नवतप्यात ऊन मी म्हणत होते. दुपारी वावटळ सुटली, कुठे तरी फांदी पडली आणि वीज गेली. कूलर बंद. अर्ध्या तासाने माझ्या लक्षात आले, की पेढा उठून दाराशी गेला आहे, मान पुढे ताणून उभा आहे, आणि त्याच्या घशातून करवतीसारखा आवाज येतो आहे. जीभ बाहेर, तीही गुलाबी नव्हे, जांभळट. मग तो बसला नाही, कोसळला.

फोनवर डॉक्टर म्हणाले, "आधी गार करा, मग आणा. बर्फ नको, साधे पाणी ओता आणि वारा घाला." भंडाऱ्यात पितळेला काय तोटा? घरातल्या जुन्या गंगाळात पाणी होते ते सगळे त्याच्या अंगावर ओतले. सौ. सुपाने वारा घालत होती, मी भिजवलेल्या पंचाने पोट पुसत होतो. ऑटोत घालून दवाखान्यात नेले तेव्हासुद्धा थर्मामीटर 41 च्या वर होता. कुत्र्याचे नेहमीचे तापमान 38 ते 39 अंश सेल्सिअसच्या आसपास असते. सलाइन, प्राणवायू, रात्रभराचे जागरण. पेढा वाचला.

दुसऱ्या दिवशी मी डॉक्टरांना विचारले, की आमच्या आळीतली गावठी कुत्री त्याच दुपारी नालीच्या सावलीत आरामात पडून होती. आमचा तर घरात होता. मग याला काय झाले?

डॉक्टरांनी जे सांगितले ते मी माझ्या भाषेत मांडतो. कुत्र्याला माणसासारखा अंगभर घाम येत नाही. पंजांच्या गाद्यांना थोडा येतो, त्याने काही भागत नाही. अंगातली उष्णता त्याला धापा टाकूनच बाहेर काढावी लागते. त्यासाठी निसर्गाने त्याच्या लांब नाकाडात एक कूलरच बसवून दिला आहे. आपल्या डेझर्ट कूलरला जशा वाळ्याच्या किंवा लाकडी भुशाच्या ताट्या असतात, तशा त्या नाकात पातळ हाडांच्या गुंडाळ्या असतात. त्यांवर ओलसर अस्तर असते. हवा त्यांवरून गेली की ओल उडते आणि रक्त थंड होते. नाकाड जितके ऐसपैस, तितकी ताटी मोठी. आता एखाद्याने कूलरची पेटी चेपून चौथाई केली, पण ताट्या तेवढ्याच ठेवून आत कोंबल्या, आणि वर खिडकीही निम्मी बंद केली, तर काय होईल? पगचे तेच झाले आहे. त्याच्या डोक्याचे हाड आखूड झाले, पण आतले मांस त्या प्रमाणात कमी झाले नाही. नाकपुड्या चिरेएवढ्या. टाळूचा मऊ पडदा लांब होऊन श्वासमार्गावर लोंबतो. श्वास ओढायलाच इतके बळ लागते, की त्या कष्टाने अंग आणखी तापते. तापले की आणखी धापा, धापांनी आणखी ताप. जुलैच्या दमट उकाड्यात आपला कूलर जसा नुसता आवाज करतो, तसाच त्या दिवसांत हा नाकातला कूलरही निकामी ठरतो. थोडक्यात, नवतपा गेला म्हणजे सुटलो असे नाही.

"आणि घोरणे?" मी विचारले.

"तेच ते," डॉक्टर म्हणाले. "तुम्ही ज्याला घोरणे म्हणता, ती त्याची श्वासासाठीची झटापट आहे."

लंडनच्या रॉयल व्हेटर्नरी कॉलेजमधल्या संशोधकांनी 2012 साली एक पाहणी प्रसिद्ध केली होती. चपट्या नाकाच्या ज्या कुत्र्यांना श्वासाचा त्रास स्पष्ट दिसत होता, त्यांच्या मालकांना विचारले, तुमच्या कुत्र्याला श्वासाचा काही त्रास आहे का? 58 टक्के मालकांनी सांगितले, नाही. ही जातच तशी, असे त्यांना वाटत होते. तो आकडा वाचला तेव्हा मला आमच्या दिवाणखान्यातले हशे आठवले.

पगला हे नाक देवाने दिले काय? तसेही नाही. ही जात मूळची चीनच्या राजदरबारातली. तिथून डच व्यापाऱ्यांबरोबर हॉलंडला, आणि तिथला विल्यम 1689 साली इंग्लंडच्या गादीवर बसला तेव्हा इंग्लंडला. विल्यम होगार्थ या इंग्रज चित्रकाराने 1745 साली आपल्या पगसह स्वतःचे चित्र काढले. कुत्र्याचे नाव ट्रम्प, हा निव्वळ योगायोग. त्या चित्रातल्या पगला चांगले ऐटदार नाकाड आहे, आणि पायही उंच. आमच्या पेढ्याशेजारी तो बसवला तर कोणी दोघांना भाऊबंद म्हणणार नाही. म्हणजे हे नाक हजारो वर्षांचे नव्हे. एकोणिसाव्या शतकात कुत्र्यांची प्रदर्शने सुरू झाली, जातीचे ठरावीक 'आदर्श' लिहून ठेवण्यात आले, आणि ज्याचे तोंड अधिक चपटे त्याला बक्षीस, त्याचीच पिल्ले महाग, असा क्रम शंभर-सव्वाशे वर्षे चालला. त्यातून ते घडले.

आता आनुवंशिकतेच्या आत काय घडले, तेही शास्त्रज्ञांनी बरेचसे उलगडले आहे. कुत्रा लहान का होतो? 2007 साली अमेरिकी संशोधकांनी दाखवले, की वाढीच्या एका जनुकाजवळचा एकच फेरफार बहुतेक लहान चणीच्या जातींत सापडतो. 2022 साली तर असे आढळले, की तो फेरफार सुमारे 50 हजार वर्षांपूर्वीच्या सैबेरियातल्या लांडग्यातही होता. म्हणजे लहानखुरेपणा हा निसर्गाच्या घरातला जुनाच ऐवज. त्यात वाईट काही नाही. चपटेपणाचे तसे नाही. एडिंबरोजवळच्या रोझलिन संस्थेत, जिथे 1996 साली डॉली मेंढी जन्मली तिथेच, संशोधकांनी उपचारांसाठी आलेल्या कुत्र्यांच्या डोक्यांचे सीटी स्कॅन आणि जनुके ताडून पाहिली. 2017 साली त्यांनी सांगितले, की एका जनुकाच्या मधोमध एक उपरा तुकडा घुसल्याने त्या जनुकाचे काम मंदावते आणि चेहरा आखूड होतो. चेहऱ्याच्या लांबीतला बराच फरक त्या एका तुकड्याने पडतो. असे आणखीही काही दोष त्यात भर घालतात. एरवी असे पिल्लू जन्मले असते तर ते रानात टिकले नसते. आपण ते उचलून मांडीवर घेतले आणि त्याचाच वंश वाढवला.

का वाढवला? ऑस्ट्रियन शास्त्रज्ञ कॉनराड लॉरेंझ यांनी 1943 साली याचे उत्तर देऊन ठेवले आहे. मोठे कपाळ, गोल डोळे, गुबरे गाल, इवलेसे नाक दिसले की माणसाला तान्हे मूल पाहिल्यासारखा पाझर फुटतो. पगच्या तोंडात हे सगळे ठासून भरले आहे. मला कबूल केले पाहिजे, पेढा ऑटोतून उतरला त्या क्षणी मीही विरघळलो होतो. फक्त ज्या डोळ्यांवर आपण भाळतो ते उथळ खोबणीत असल्याने त्यांना पटकन जखम होते. ज्या सुरकुत्या गोड वाटतात त्यांत ओल साचून कातडी कुजते. ज्या शेपटीचा वेटोळा आपण बोटाने सोडवून पाहतो, त्या वेटोळ्याचे वाकडे मणके कधी कधी पाठीपर्यंत चढतात आणि मागचे पाय लुळे पडतात. मेंदूला सूज येऊन तरुणपणीच कुत्रा जातो, असा एक आजारही या जातीत वंशपरंपरेने येतो.

त्याच रॉयल व्हेटर्नरी कॉलेजने 2022 साली ब्रिटनमधल्या 4,308 पगांची 21,835 इतर कुत्र्यांशी तुलना प्रसिद्ध केली. कुठला ना कुठला आजार असण्याचा संभव पगमध्ये 1.9 पट. डोळ्यांतल्या जखमांचा सुमारे 13 पट. आणि श्वासमार्गाच्या या विकाराचा सुमारे 54 पट. आरोग्याच्या दृष्टीने पगला आता सर्वसामान्य कुत्रा म्हणता येत नाही, असा त्यांचा निष्कर्ष होता. एक आकडा मात्र पगच्या बाजूचा होता. अंगावर धावून जाण्याचा दोष त्याच्यात इतरांपेक्षा कमी. तेवढे आम्हाला आकड्यांशिवायही ठाऊक होते.

आता सगोत्राचा प्रश्न. आपल्याकडे लग्न जुळवताना पहिला प्रश्न गोत्राचा असतो. कुत्र्यांच्या 'शुद्ध' वंशात मात्र बापाशी लेक, भावाशी बहीण अशी जुळणी वर्षानुवर्षे बिनदिक्कत झाली, कारण इनाम मिळवणारा चेहरा हातचा जाऊ नये. लंडनच्या इंपीरियल कॉलेजने 2008 साली वंशावळी तपासल्या, तेव्हा ब्रिटनमधल्या सुमारे 10 हजार पगांची आनुवंशिक पुंजी जेमतेम 50 कुत्र्यांएवढी भरली.

याने बिघडते काय? हे मला बँकेच्या भाषेत फार सोपे वाटते. प्रत्येक जनुकाच्या दोन प्रती असतात, एक आईकडून, एक बापाकडून. कर्जाला दोन जामीनदार असावेत तसे. एक बुडाला तरी दुसरा सांभाळून घेतो. म्हणूनच आम्ही दोन जामीनदार एकाच घरातले घेत नसू, कारण ते घर बुडाले तर दोघेही एकदम बुडणार. नात्यातल्या नात्यात जुळवलेल्या पिल्लाचे दोन्ही जामीनदार एकाच घरचे असतात. आजोबांकडची एक नासकी प्रत आईकडूनही येते आणि बापाकडूनही, आणि सांभाळायला कोणी उरत नाही. पिढ्यान्‌पिढ्या कागदावर दोन सह्या दिसतात, आणि वसुलीच्या दिवशी कळते की सही एकाचीच होती.

जनावराच्या बाबतीत आपण इतके भोळे नव्हतो, हे मला राहून राहून आठवते. एकात्मिक ग्रामीण विकास कार्यक्रमाच्या दिवसांत, म्हणजे 1980 च्या आणि 1990 च्या दशकात, मी दुधाळ जनावरांची आणि बैलजोड्यांची कर्जे शेकड्याने मंजूर केली. बाजारात शेतकऱ्याबरोबर उभा राहायचो. तो बैलाचे दात पाहायचा, खूर उचलायचा, चालवायचा, बसवून उठवायचा, चिखलात ओढायला लावायचा. त्याला देखणा बैल आवडत नसे असे नाही, पण तोंड पाहून कोणी बैल घेतला असे मी पाहिले नाही. पूर्व विदर्भातल्या धानपट्ट्यातली कठाणी गुरे अशीच घडली, चिखलणीच्या कामाने आणि इथल्या उन्हाने. आकाराने लहान, दुधाला बेताची. पण श्वास घेण्यासाठी त्यांना ऑपरेशन करावे लागत नाही.

उलट आम्ही शिकलेसवरलेले लोक कुत्रा घेतो तो सिनेमा आणि जाहिरात पाहून. 1994 साली 'हम आपके हैं कौन' आला. त्यात लक्ष्मीकांत बेर्डेंच्या बरोबरीने एका पांढऱ्या कुत्र्यानेही भाव खाल्ला. त्यानंतर साकोलीपासून तुमसरपर्यंत ज्या ज्या अधिकाऱ्याच्या क्वार्टरवर मी गेलो तिथे एक पांढरा 'टफी' माझ्या पायजम्याला झोंबला. आम्ही त्यांना पॉमेरियन म्हणत असू. प्रत्यक्षात ते बहुतेक भारतीय स्पिट्झ. परदेशी कुत्री आणणे त्या काळी सोपे नव्हते, म्हणून इथेच रुळलेली ही जात घरोघर गेली. चिडखोर, कर्कश, पण नाकाड शाबूत. बाजेखाली ओल्या फरशीवर पडून ती विदर्भाचे उन्हाळे काढीत. 2003 साली एका मोबाइल कंपनीच्या जाहिरातीत मुलाच्या मागे मागे धावणारा पग आला आणि टफीचे राज्य संपले. जाहिरात सुरेखच होती. तो पग गोऱ्यामोऱ्या चेहऱ्याच्या मुलामागे पळत होता. आपल्या मेच्या दुपारी त्याला पळवून पाहावे असे कोणाच्या मनात आले नाही. मग तर खरा पॉमेरियनही आला, ओंजळीत मावेल असा, टेडी बेअरच्या तोंडाचा. त्याच्या गुडघ्याच्या वाट्या सरकतात आणि श्वासनलिकेच्या कड्या मिटून तो हंसासारखा खोकतो. पण फोटोत छान दिसतो.

इतर देशांत यावर काय चालले आहे, हे पाहू लागलो तेव्हा आश्चर्य वाटले. नेदरलँड्समध्ये 2014 साली नियम झाला आणि 2019 पासून त्याची कडक अंमलबजावणी सुरू झाली. नाकाडाची लांबी डोक्याच्या लांबीच्या तृतीयांशाहून कमी असेल तर त्या कुत्र्याची पैदास करायची नाही. नॉर्वेत कॅव्हेलियर किंग चार्ल्स स्पॅनियल या अशाच मांडीवरच्या लाडक्या जातीचा खटला सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला, आणि 2023 साली निकाल लागला की तिची पैदास प्राणिकल्याणाच्या कायद्यात बसत नाही. केंब्रिज विद्यापीठाने एक साधी चाचणी बसवली आहे, ती ब्रिटनच्या केनेल क्लबने 2019 साली स्वीकारली. आधी नळीने श्वास ऐकायचा, मग कुत्र्याला 3 मिनिटे दुडक्या चालीने पळवायचे, आणि पुन्हा ऐकायचा. 0 ते 3 अशी श्रेणी. 3 मिळालेल्याची पिल्ले काढू नयेत. आमचा बाजारातला शेतकरी वेगळे काय करीत होता?

आपल्याकडे 2017 साली श्वानपैदास आणि विक्रीचे केंद्रीय नियम झाले. पैदास करणाऱ्याने राज्याच्या प्राणिकल्याण मंडळाकडे नोंदणी करावी, 8 आठवड्यांच्या आतले पिल्लू विकू नये, अशा गोष्टी त्यांत आहेत. चांगलेच आहे. पण मोबाइलवर फोटो टाकून विकणाऱ्याचे दुकान कुठे शोधायचे? आणि नियमाला दोष कशाला देऊ? माझ्याच घरातून पैसे मोजले गेले होते.

काही लोक म्हणतात, जातच बंद करा. मला तेही पटत नाही. डाल्मेशियन जातीच्या प्रत्येक कुत्र्यात मूत्रखडे करणारा एक दोष होता. 1973 साली अमेरिकेत एका आनुवंशिकी शास्त्रज्ञाने तिचा एकदाच पॉइंटर जातीशी संकर केला आणि पुढच्या पिढ्या पुन्हा डाल्मेशियनशीच जुळवल्या. ठिपके राहिले, दोष गेला. तरी शुद्ध रक्ताच्या अभिमान्यांनी अमेरिकन केनेल क्लबची मान्यता मिळायला 2011 साल उजाडू दिले. जर्मनीत काही जण पगचा लांब नाकाच्या लहान कुत्र्याशी संकर करून होगार्थच्या काळचा पग परत आणायच्या खटपटीत आहेत. आंतरजातीय विवाहाने घराण्याचे नाक कापले जाते म्हणतात. इथे तर ते परत मिळण्याची आशा आहे.

हे सगळे वाचत असताना खरी अडचण दुसरीच होती, ती आता सांगतो. नवतप्याच्या त्या प्रसंगानंतर, 2024 च्या जानेवारीत, आम्ही नागपूरला एका शल्यचिकित्सकांकडून पेढ्याचे ऑपरेशन करून घेतले होते. नाकपुड्या रुंद केल्या, टाळूचा लोंबता पडदा कापून आखूड केला. भूल देतानाची जोखीम त्यांनी आधीच समजावली होती, आणि तो शुद्धीवर येईपर्यंत सौ.ने बाहेरच्या बाकावर बसून हळूहळू रामरक्षा संपवली. गुण आला. घोरणे निम्म्यावर आले. तो खांब तलावाची फेरी न थांबता पूर्ण करू लागला. म्हणजे तुमसरच्या खातेदारांनी नोव्हेंबरात जो नवरदेव पाहिला, तो दुरुस्त केलेला होता. "याचा श्वास तर एकदम मोकळा आहे ना जी," असे ते म्हणाले होते, आणि मी गप्प राहिलो होतो.

बँकेत 31 मार्चला काही शाखा ताळेबंद नटवीत. तीन दिवसांपुरत्या ठेवी आणायच्या, आकडा फुगवायचा, 1 एप्रिलला परत करायच्या. मला त्याची फार चीड होती. पेढ्याचे नाक सुरीने रुंद झाले होते, त्याच्या बीजात काहीही बदललेले नव्हते. त्याच्या पिल्लांना त्याचे जुनेच नाक मिळणार होते, आणि समोरच्या मंडळींनी पाहिले होते नवे.

डिसेंबरात मी तुमसरला जाऊन सगळे सांगितले. ऑपरेशनचे, कोसळण्याचे, त्या 54 पटींचे. लाडी अंगणात बसली होती. हिवाळ्याच्या दुपारी, सावलीत, नुसती बसल्या बसल्या तिचा श्वास वाजत होता. मी म्हटले, "हिचेही नाक एकदा तपासून घ्या. आणि पिल्लांचा विचार सोडा." त्यांच्या चेहऱ्यावरचे हसू हळूहळू गेले. आपल्या मुलीत खोट काढणाऱ्या वरपित्याकडे जसे पाहतात तसे त्यांनी माझ्याकडे पाहिले. "साहेब," ते म्हणाले, "तुम्ही आमच्या मिलच्या कर्जालेही असेच फाटे फोडले होते." ते खरे होते. चहा न घेताच मी परतलो. नातू आठवडाभर माझ्याशी फोनवर बोलला नाही. पेढ्याची नसबंदी आम्ही पुढच्याच महिन्यात उरकली.

लाडीला त्यांनी दुसरे स्थळ पाहिले. 2025 च्या वसंतात तिचे पोट चिरून पिल्ले काढावी लागली. चार होती, तीन वाचली. ती बातमी मला तिसऱ्याकडून कळली. दोन विकली, एक ठेवले. त्या वर्षी मृग लागून पहिल्या पावसाची उकड सुरू झाली, तेव्हा एका रात्री अकरा वाजता फोन वाजला. त्यांचाच होता. नमस्कार-चमत्कार काही नाही. "साहेब, हे लहानगं झोपेत घर्रघर्र करते. हे चांगलं का वाईट जी?"

आम्हाला शल्यचिकित्सकांनी शिकवलेला उपाय मी त्यांना सांगितला. कुत्रा गाढ झोपला की छातीकडे पाहायचे, घड्याळ लावून एका मिनिटात किती वेळा ती वर-खाली होते ते मोजायचे आणि लिहून ठेवायचे. साधारण 30 च्या आत असावे. रोज वाढत गेले तर थांबायचे नाही, नागपूर गाठायचे. माझ्याकडे बँकेच्या कोऱ्या डायऱ्या पडून आहेत, त्यांतल्या एकीत मी 2023 पासून पेढ्याचा हा हिशेब ठेवतो. तारीख, हवा, आकडा.

आता ते रोज रात्री फोन करतात. कर्जाचा विषय दोघेही काढत नाही. काल त्यांचा आकडा 36 होता, आमचा 27. मी म्हटले, उद्या सकाळच्या पहिल्या गाडीने निघा. डॉक्टरांना मी आजच फोन करून ठेवतो.